थर्मामीटर दर वेळी वेगळाच आकडा दाखवतो? परत करायला आणण्याआधी हे तपासा

आमच्या अकोल्यातल्या औषधाच्या दुकानात परत येणाऱ्या वस्तूंमध्ये थर्मामीटरचा नंबर बराच वर आहे. 'भाऊ, हे तं खराबच निंगालं' म्हणत माणूस तो काउंटरवर ठेवतो. त्यातले बहुतेक धडधाकट असतात. बिघाड असतो तो लावण्यात, वेळेत किंवा आकडा वाचण्यात. तक्रारी फिरून फिरून याच असतात:

- लागोपाठ दोनदा लावला. आधी ९७.६, लगेच ९९.१.
- अंगाला हात लावला तर चटका बसतो, थर्मामीटर मात्र ९८ च्या वर जायला तयार नाही.
- कपाळाची गन घरातल्या सगळ्यांना ९७.३ दाखवते, तापाने फणफणलेल्या पोरालासुद्धा.
- पडद्यावर 'एल' आणि 'ओ' अशी दोन इंग्रजी अक्षरं लुकलुकतात, किंवा भलताच ३८ वगैरे आकडा येतो.
- घरी ९९ होता, दवाखान्यात १०१ निघाला.
- पाऱ्याचा थर्मामीटर कुणालाही लावा, १०४.
- सकाळी काही नाही, संध्याकाळी रोज ९९ च्या वर.

खाली तपासण्या फुकटपासून खर्चिकाकडे लावल्या आहेत. त्याच क्रमाने करा. पण रुग्ण सुस्त पडला असेल, श्वास लागला असेल किंवा तान्हं बाळ असेल, तर हे सगळं सोडून आधी शेवटचा भाग वाचा.

आधी पडदा नीट बघा

डिजिटल थर्मामीटर चालू केला की सुरुवातीला सगळ्या रेघा एकदम पेटतात आणि १८८.८ असं काहीतरी दिसतं. मग बऱ्याच मॉडेलमध्ये मागच्या वेळचा आकडा क्षणभर येतो. कालचा १०१.८ आजचा समजून घाबरलेले लोक येतात, आणि उलटही होतं. तो आकडा जाऊ द्या, 'एल-ओ' लुकलुकू लागलं की लावा. 'एल-ओ' म्हणजे बिघाड नव्हे. टोकाचं तापमान ३२ अंश सेल्सिअसच्या, म्हणजे साधारण ९० फॅरनहाइटच्या खाली आहे एवढंच तो सांगतो. काखेत ठेवल्यावरही बराच वेळ 'एल-ओ' हटलं नाही, तर टोक कातडीला टेकलेलंच नाही.

आकडा तीसच्या घरात असेल तर मापन सेल्सिअसवर गेलंय. बटन काही सेकंद दाबून धरल्यावर बऱ्याच मॉडेलमध्ये ते बदलतं. ही बाब किरकोळ वाटते, पण एखादे आजोबा ३८.४ बघून 'अडतीस म्हणजे काहीच नाही' म्हणत झोपून जातात, आणि तो ताप असतो १०१.१. डब्याच्या झाकणावर लिहून ठेवा: ३७ म्हणजे ९८.६, ३८ म्हणजे १००.४, ३९ म्हणजे १०२.२, ४० म्हणजे १०४.

आकडे पुसट असतील किंवा मधेच पडदा जात असेल तर सेल बदला. बहुतेकांत एलआर ४१ नावाचा छोटा बटन सेल असतो. घड्याळ दुरुस्तीवाल्याकडेही मिळतो आणि नव्या थर्मामीटरपेक्षा कितीतरी स्वस्त पडतो. काढलेला सेल टेबलावर ठेवू नका. लहान मुलाने गिळला तर अन्ननलिका आतून भाजते. तशी नुसती शंका आली तरी थेट हॉस्पिटल गाठायचं, शौचातून पडेल म्हणून वाट बघायची नाही.

मग घड्याळ बघा

अंघोळ, गरम चहा, उन्हातून येणं, पोळ्या लाटत गॅसपाशी उभं राहणं, पोरांची पळापळ, पोटभर जेवण या सगळ्यांनी आकडा हलतो. अर्धा तास थांबा आणि मग लावा. तान्ह्या बाळांचं याहून अवघड असतं. मालिश, कढत पाण्याची अंघोळ, धुरी, मग कुंची आणि दोन-तीन दुपट्यांत घट्ट गुंडाळणं, वर खोलीत शेगडी. त्यानंतर लगेच लावला तर ताप दिसणारच. दुपटी सैल करा, शेगडी बाहेर काढा, पंधरा-वीस मिनिटांनी पुन्हा लावा. तरीही जास्त आला तर तो गुंडाळल्याचा नाही, बाळाचा आहे.

पॅरासिटामॉल घेतल्यानंतर अर्ध्या-एक तासात आकडा उतरू लागतो आणि परिणाम चार-सहा तास टिकतो. म्हणून गोळीच्या आधी मोजा आणि वेळ लिहा. गोळीनंतर दोन तासांनी मोजून 'घरी तर ९८ च होता' असं डॉक्टरांना सांगितलं, तर तो आकडा गोळीचा आहे, आजाराचा नाही.

दिवसभरातही तापमान हलतं. पहाटे सगळ्यात कमी, दुपारनंतर ते संध्याकाळी सगळ्यात जास्त, फरक साधारण एक डिग्री फॅरनहाइट. त्यामुळे सकाळी ९७.४ आणि संध्याकाळी ९८.५ यात थर्मामीटरचा दोष काही नाही. पाळीच्या आधीच्या दोन आठवड्यांत बायकांचं तापमान अर्धा-पाऊण डिग्रीने चढलेलं असतं, तेही नेहमीचंच. संध्याकाळचा बारीक ताप मात्र आठवडा-दोन आठवडे रोज येत असेल, सोबत खोकला, रात्री घाम, वजन उतरणं असेल, तर थर्मामीटर बदलत बसू नका. दोन आठवड्यांच्या वर खोकला म्हणजे थुंकीची तपासणी. ती सरकारी दवाखान्यात मोफत होते.

काख: बहुतेक भांडणं इथेच मिटतात

आपल्याकडे घरोघर काखेतच लावतात. ते सोपं आहे, सुरक्षित आहे, आणि चुकायलाही तितकंच सोपं आहे.

पहिली चूक म्हणजे आवाजावर विश्वास. थर्मामीटर बीप करतो तेव्हा 'ताप मोजून झाला' असं तो म्हणत नसतो. 'गेले काही सेकंद आकडा चढलेला नाही' एवढंच त्याला कळतं. काख आधी उघडी असेल, पंख्याची हवा लागलेली असेल, तर तिथली कातडी हळूहळू तापते. चढण्याचा वेग मंदावला की यंत्राला वाटतं संपलं, आणि ते ९७.६ वर वाजतं. लगेच पुन्हा लावला की काख आता गरम झालेली असते, म्हणून ९९.१ येतो. पहिल्या तक्रारीचं उत्तर हेच. 'दहा सेकंदांत' म्हणून विकले जाणारे थर्मामीटर तर सुरुवातीच्या चढावरून शेवटचा आकडा हिशोबाने काढतात. पोर जरा हललं की हिशोब गेला.

उपाय असा. आधी पाच मिनिटं दंड अंगाला चिकटवून बसवा, काख बंद राहू द्या. घाम असेल तर फडक्याने टिपून घ्या. खसाखसा पुसलं तर घासण्याने कातडी गरम होते. टोक काखेच्या सगळ्यात खोल जागी, वरच्या दिशेला तिरकं ठेवा. शर्टाची किंवा बनियनची घडी मधे येऊ देऊ नका. मग दंड अंगाशी, कोपर पोटाशी, आणि हात समोरच्या खांद्यावर. बीप झाली तरी काढू नका, पाच मिनिटं पूर्ण होऊ द्या. बीपनंतरही आकडा वर सरकत राहतो अशी बरीच मॉडेल आहेत. तो शेवटचा आकडा खरा.

म्हाताऱ्या, हडकुळ्या माणसांची काख पोकळ असते. थर्मामीटरचं टोक त्या पोकळीत हवेत लटकतं आणि ९५ दाखवतं. अशा वेळी दुसऱ्या हाताने दंडाचं मांस आत दाबून धरावं लागतं, किंवा सरळ तोंडात लावावा. लहान मुलाला मांडीवर आडवं घेऊन मिठी मारा म्हणजे हात आपोआप दाबला जातो. मोबाइलवर गाणं लावून दिलं तरी हरकत नाही, पाच मिनिटं मिळाली म्हणजे झालं. आणि दर वेळी तीच काख ठेवा, उजवी तर उजवीच.

हाताला चटका बसतो आणि आकडा मात्र ९८, याला दोन-तीन कारणं असतात. भांडी घासून आलेल्या गार हाताला कुणाचंही कपाळ तापलेलं लागतं. गोळीनंतर ताप उतरताना कातडीकडे रक्त धावतं. तेव्हा अंग गरम आणि घामेजलेलं, पण आतलं तापमान खाली येत असतं. याच्या उलट ताप चढताना हुडहुडी भरते, हातपाय बर्फ होतात आणि कातडी गार लागते. त्या वेळी आत १०२ असू शकतो. म्हणून थंडी वाजत असताना पावलं चाचपून 'ताप नाही' ठरवू नका, आणि त्या वेळचा कमी आकडा शेवटचा मानू नका. अंगावर पांघरूण घाला, थंडी थांबली की पुन्हा मोजा.

'एक डिग्री मिळवायची' हा नियम सोडून द्या

काखेत आलेल्या आकड्यात एक मिळवायचा, हे घरातल्या प्रत्येक मोठ्या माणसाला पाठ असतं. काखेतलं तापमान तोंडातल्यापेक्षा अर्धा ते एक डिग्रीने कमी येतं हे खरं. पण तो फरक माणसागणिक आणि वेळेगणिक बदलतो. शिवाय आईने एक मिळवलेला असतो, बाबा फोनवर सांगताना आणखी एक मिळवतात, आणि ९९.४ चा १०१.४ होऊन डॉक्टरांच्या कानावर पडतो. घरचा ९९ आणि दवाखान्यातला १०१ हा तंटा पुष्कळदा असाच असतो. एकाने काखेत लावलेला असतो, दुसऱ्याने कानात, मधे दोन तास गेलेले असतात.

डॉक्टरांना आलेला आकडा जसाच्या तसा हवा असतो, जागेसकट. एका कागदावर लिहा: काख, ९९.८, रात्री ९ वाजून १० मिनिटं, गोळी ८ वाजता. मिळवायचं का, किती, ते त्यांचं काम.

९८.६ हा आकडाही फार घट्ट धरायचा नसतो. जर्मनीत लाइपझिगच्या कार्ल वुंडरलिश यांनी १८६८ मध्ये हजारो रुग्णांच्या, तेही मुख्यतः काखेतल्या, नोंदींवरून ३७ अंश सेल्सिअस सांगितलं. त्याचं फॅरनहाइट केल्यावर तो दशांशासकट काटेकोर दिसू लागला. निरोगी माणूस ९७ ते ९९ मध्ये कुठेही असू शकतो. तुमचा नेहमीचा आकडा माहीत हवा असेल तर बरं असताना दोन-तीन दिवस मोजून ठेवा. ते कुणी करत नाही, पण उपयोग फार होतो.

तोंडात लावत असाल तर

पाच वर्षांच्या पुढच्या, सांगितलेलं ऐकणाऱ्या मुलांना आणि मोठ्यांना काखेपेक्षा तोंड बरं. टोक जिभेखाली, मागच्या बाजूला, मधल्या पडद्याच्या डावीकडे किंवा उजवीकडे. जिभेच्या टोकाखाली समोर ठेवला तर कमी येतो. ओठ मिटून नाकाने श्वास. नाक चोंदलेलं असेल, दम लागत असेल, तर तोंडातला आकडा खोटा, काखेकडे वळा. फिट येणाऱ्याला, बेशुद्धीत बडबडणाऱ्याला तोंडात लावू नये, आणि पाऱ्याचा काचेचा तर मुळीच नाही. वापरल्यावर साबणाच्या गार पाण्याने किंवा स्पिरिटच्या बोळ्याने टोक पुसा. उकळत्या पाण्यात घालून 'निर्जंतुक' करणाऱ्यांचेच नग पुढच्या आठवड्यात परत येतात.

गुदद्वारातलं तापमान तान्ह्या बाळात सगळ्यात विश्वासाचं मानतात, पण डॉक्टर किंवा नर्सने स्वतः दाखवून दिल्याशिवाय घरी करू नका. आतली त्वचा नाजूक असते.

कपाळाची गन

कोविडच्या दिवसांत घरोघरी गन आल्या आणि त्यांच्यासोबत एक घोळ आला. त्यातल्या काही माणसांसाठी नव्हत्याच, यंत्रांचं तापमान मोजायच्या होत्या. खोक्यावर उणे ५० पासून ३००-४०० अंशांपर्यंतची मर्यादा छापलेली असेल, तर ती बाजूला ठेवा. तिची चूक दीड-दोन अंश सेल्सिअसपर्यंत जाते. माणसाच्या गनवरही 'शरीर' आणि 'वस्तू' अशा दोन पद्धती असतात. चुकून 'वस्तू'वर गेली की ती नुसतं कातडीचं तापमान सांगते आणि सगळे गार निघतात.

गन कपाळातून बाहेर पडणारी उष्णता दुरून वाचते आणि त्यावरून आतल्या तापमानाचा अंदाज करते. म्हणून कपाळावर जे जे असेल ते आड येतं: घाम, तेल, बाम, चंदन, भस्म, केस. मिठाच्या पाण्याची पट्टी नुकतीच काढली असेल तर पाच-दहा मिनिटांत घेतलेला आकडा पट्टीचा. कूलरच्या झोतात बसलेल्या माणसाचं कपाळही असंच फसवतं. कपाळ पुसा, झोतातून उठवा, पंधरा मिनिटं थांबा. अंतर पुस्तिकेत दिलं असेल तेवढंच ठेवा, बहुतेकांत एक ते पाच सेंटिमीटर. गनच्या तोंडातली काच मळली असेल तर आकडा कमी येतो. कापसाला किंचित स्पिरिट लावून पुसा आणि वाळू द्या.

उन्हाळ्याचं वेगळं. या गन साधारण ४० अंश सेल्सिअसपर्यंतच्या खोलीत चालतील अशा बनवलेल्या असतात. मे महिन्यात आमच्याकडे बाहेर ४५ असतं आणि पत्र्याच्या घरात दुपारी चाळिशी सहज ओलांडते, तेव्हा गन जे सांगेल त्याला अर्थ नाही. गाडीत राहिलेली गन घरात आणून लगेच वापरू नका, अर्धा तास तिलाही खोलीची हवा लागू द्या. माझं मत विचाराल तर गन दारात उभं राहून गर्दी चाळायला बरी. आजारी माणसाच्या उशाशी साधा डिजिटल हवा.

कानाचा

घरात कमीच दिसतो. कानाच्या पडद्याची उष्णता तो वाचतो, त्यामुळे मधे मळ असला किंवा नळी वाकडी राहिली की कमी दाखवतो. मोठ्यांचा कान वर आणि मागे ओढा, वर्षाच्या आतल्या बाळाचा सरळ मागे. सहा महिन्यांखाली वापरू नका. ज्या कुशीवर झोपला होता तो कान तापलेला असतो, दुसरा घ्या. टोपण दर वेळी नवं किंवा स्वच्छ. कान दुखत किंवा वाहत असेल तर हात लावू नका.

पाऱ्याचा

पाऱ्याच्या नळीत एक अरुंद गळा असतो, म्हणून काखेतून काढल्यावर पारा आपोआप खाली येत नाही. झटकला नाही तर कालचाच आकडा आज दिसतो. मनगटाने जोरात झटकून ९५ च्या खाली आणा, ओट्यापासून आणि टेबलापासून दूर उभं राहून. उन्हाळ्यात मात्र खोलीच ४०-४१ अंश असली की पारा ठेवल्या जागी १०४-१०५ वर चढून बसतो. झटकला तरी पुन्हा चढतो. 'कुणालाही लावा, १०४' ही तक्रार म्हणूनच मेमध्ये येते. टोक माठाच्या पाण्यात धरा, मग झटका. डिजिटलचंही तेच: तापलेल्या खोलीत तो चालू केल्याबरोबर १०० च्या वर सुरू होत असेल तर आधी पाण्यात गार करा. उन्हातल्या खिडकीत ठेवलेला पाऱ्याचा थर्मामीटर फुटतोसुद्धा.

पाऱ्याच्या रेषेत मधे तुटका तुकडा दिसत असेल आणि झटकूनही जुळत नसेल तर तो निकामी. नवा पाऱ्याचा घेऊच नका. पाऱ्याच्या विषारीपणामुळे २०१३ मध्ये मिनामाता करार झाला, भारताने २०१८ मध्ये त्याला मान्यता दिली, आणि हे थर्मामीटर हळूहळू बाजारातून जात आहेत.

फुटला तर पंखा बंद, खिडक्या उघड्या, पोरं आणि मांजर बाहेर. अंगठी-बांगड्या आधी काढा, पारा सोन्याला धरतो. झाडू नको, व्हॅक्युम नको. जाड पुठ्ठ्याने थेंब एकत्र लोटा, झाकणाच्या बाटलीत थोड्या पाण्यात भरा आणि काचेसह वेगळं, वर लिहून कचरागाडीवाल्याला द्या. मोरीत ओतू नका.

एवढं करूनही शंका असेल तर ग्लासची परीक्षा

ही डिजिटल आणि पाऱ्याच्यासाठी. शेजाऱ्यांकडून आणखी दोन थर्मामीटर मागून आणा. दोघांत भांडण झालं तर खोटं कोण ते कळत नाही, तीन असले की कळतं. पितळी किंवा स्टीलच्या मोठ्या भांड्यात कोमट पाणी घ्या, बोटाला ना गार ना गरम असं. तिन्ही टोकं एकाच खोलीवर, पाणी हलवत राहा, तळाला टेकू देऊ नका. डिजिटलची फक्त टोकं बुडवा. चांगल्या डिजिटलची चूक ०.२ फॅरनहाइटच्या आत असते, त्यामुळे दोघांत ०.४ पर्यंतचा फरक माफ. एकटाच अर्ध्या डिग्रीपेक्षा जास्त सरकत असेल तर तोच टाका. बर्फाच्या पाण्यात तपासून उपयोग नाही, कारण तिथे तो 'एल-ओ'च दाखवणार. गनही पाण्यावर धरू नका, पृष्ठभागावरची वाफ तिला फसवते.

घरी जमत नसेल तर दुकानात घेऊन या. कुठलाही बरा औषधवाला नव्या नगाशेजारी धरून दाखवेल. नवा साधा डिजिटल शे-दोनशे रुपयांत येतो. तो उघडून दुरुस्त करायच्या भानगडीत पडू नये.

इथे थर्मामीटर ठेवा आणि डॉक्टर गाठा

तीन महिन्यांच्या आतल्या बाळाला १००.४ किंवा जास्त आला तर त्याच दिवशी, रात्र असली तरी. नवजात बाळ ९७.७ च्या खाली असेल तर छातीशी कातडीला कातडी लावून धरा, डोकं झाका आणि निघा. बाळात कमी तापमान तापाइतकंच वाईट. फोनवर आशाताईंचं मार्गदर्शन घ्या, पण निघणं थांबवू नका.

कोणत्याही वयात १०४ च्या वर, मान ताठ, असंबद्ध बोलणं, दाबून न जाणारे लाल-जांभळे डाग, श्वासाला त्रास, सहा-आठ तास लघवी नाही, सतत उलट्या: आकडा पुन्हा घेण्यात वेळ घालवू नका. झटका आला तर कुशीवर करा, तोंडात काही घालू नका, कांदा-चप्पल हुंगवू नका. कीमोथेरपी चालू असलेल्याला १००.४ एकदा आला तरी लगेच फोन. स्टेरॉइडवर असलेल्यांना आणि म्हाताऱ्यांना मोठा संसर्ग असूनही ताप चढत नाही. अचानक जेवण सोडलं, भ्रमल्यासारखं करतात, तर ९८ वर विसंबू नका.

तीन दिवसांत ताप हटला नाही तर तपासणी करून घ्या. पावसाळ्यात डेंग्यूचा ताप तिसऱ्या ते सातव्या दिवशी उतरतो आणि धोका नेमका तेव्हा सुरू होतो. आकडा ९८ झाला पण पोट दुखतंय, उलट्या होताहेत, हिरड्यांतून रक्त येतंय, माणूस गळून गेलाय, तर हॉस्पिटल. डेंग्यूची शंका असताना आयबुप्रोफेन किंवा अ‍ॅस्पिरिन मागायला आमच्याकडे येऊ नका.

उन्हात काम करून आलेला माणूस तापलेला आहे, बरळतोय किंवा कोसळलाय, तर तो उष्माघात. त्याला पॅरासिटामॉलचा उपयोग नाही. १०८ ला फोन करा, सावलीत न्या, कपडे सैल करा, अंगावर पाणी ओता आणि पंख्याने वारा घाला. शुद्ध नसेल तर तोंडात पाणी घालू नका. अँब्युलन्स येईपर्यंत पाणी ओतणं चालू ठेवा.